सामायिक खणातली जुनी फाइल

एल्व्हडाल, मिनेसोटा
११ फेब्रुवारी १९९६

प्रिय लॉरेन,

तुझ्या पाककृतींच्या प्रोग्रॅमची डिस्क पोचली. पाकिटावर 'वाकवू नये' लिहिलं होतंस, त्यामुळे पोस्टमनने ती मुद्दाम दारात उभं राहून हातात दिली आणि आत काय आहे ते विचारलं. मी म्हटलं, माझ्या भाच्याची हुशारी आहे.

फोन करत जा म्हणतोस. पण फोनवर आपण दोघं हवेच्या पुढे कधी गेलोय का? थंडी किती, बर्फ किती, बरं मग ठेवते. तुझी आई होती तेव्हाही आम्हा बहिणींचं हेच. पत्रात माणूस निदान चार शब्द बोलतो.

तर चर्चच्या शताब्दीच्या पुस्तकाचं काम सुरू झालं. पाककृतींचं पुस्तक काढायचं ठरलं तेव्हा सगळ्यांनी माना डोलावल्या आणि काम आमच्या दोघींच्या गळ्यात घातलं. दोघी म्हणजे मी आणि वर्ला. वर्ला हेगस्टाड तुला आठवत असेल, मी काम करते त्या वृद्धाश्रमाचं स्वयंपाकघर तिच्या ताब्यात आहे. लहानपणी तुला आलेपाकाची बिस्किटं द्यायची ती. माझ्या घरी कॉम्प्युटर नाही, म्हणून डिस्क आश्रमाच्या ऑफिसातल्या माझ्या मशिनमध्ये घातली. वेन स्कारला विचारलं नाही. तो व्यवस्थापक असला तरी चर्चच्या कामाला नाही म्हणायची त्याची काय टाप आहे.

कुठे ठेवू, असं तुझ्या प्रोग्रॅमने विचारलं. ऑफिस, परिचारिका आणि स्वयंपाकघर, तिन्ही मशिनं ज्या एका जागेवरून चालतात ती सामायिक जागा मी निवडली. म्हणजे वर्लालाही भाज्या चिरता चिरता खालून टाइप करता येईल. ती शेजारीच बसली होती, तिनेच सुचवलं. पण एक सांग, एवढ्याशा प्रोग्रॅमबरोबर वाकड्यातिकड्या नावांच्या इतक्या फाइली कशाला आल्या? नवरदेव एक आणि वऱ्हाड गावभर, असं झालं.

लेफ्सेच्याच सहा कृती आल्यात. सहाही सारख्याच आहेत, पण प्रत्येकीला वाटतं बाकीच्या पाचजणींना बटाट्याची पोळी लाटता येत नाही.

तुझी,
आर्डिस मावशी


मिनियापोलिस
१९ फेब्रुवारी १९९६

प्रिय मावशी,

वऱ्हाडाबद्दल विचारलंस ते बरं झालं. इथे माझ्या ऑफिसात कुणाला यात रस नाही आणि मला कुणाला तरी सांगायचंच होतं.

चर्चच्या तळघरातलं स्वयंपाकघर डोळ्यांपुढे आण. तिथे एक सामायिक खण आहे. मापं, डाव, गाळणी सगळं त्यात. प्रत्येक बाई घरून आपलं माप आणत नाही, खणातलं घेते, वापरते, परत ठेवते. कॉम्प्युटरमध्येही तसंच असतं. याद्या दाखवणं, छापणं, अक्षरानुसार लावणं ही कामं प्रत्येक प्रोग्रॅम स्वतः करत नाही. त्यासाठी सामायिक फाइली असतात, सगळे प्रोग्रॅम त्यांनाच हाक मारतात. माझ्या प्रोग्रॅमला लागणारं माप तुमच्या खणात असेलच याची खात्री नाही, म्हणून तो आपलं माप बरोबर घेऊन येतो आणि खणात ठेवतो. तेच तुझं वऱ्हाड.

तुमच्याकडे तर तिन्ही मशिनांचा खण एकच आहे. म्हणजे तू एकदा डिस्क घातलीस आणि तिघांचं काम झालं. शाबास.

खणात त्याच नावाची फाइल आधीच असेल तर 'ही बदलू का?' असं विचारायची पद्धत आहे. पहिल्यांदा मी तसं ठेवलं होतं. पण ज्या पाद्रीबाईंना करून बघायला दिलं त्या तो प्रश्न बघूनच घाबरल्या आणि मशिन बंद करून मला फोन केला. मग मी तो प्रश्नच काढून टाकला. आता प्रोग्रॅम जागा तेवढी विचारतो आणि बाकी सगळं न विचारता आपापलं मांडून मोकळा होतो. म्हाताऱ्या बायकांनाही जमतं. (तुला नाही म्हणत.)

आणखी काही चर्चांनी मागितलाय. चाललं तर नोकरी सोडून हेच करेन म्हणतो. वर्लाबाईंना सांग, बिस्किटांची कृती पुस्तकात पहिल्या पानावर पाहिजे.

तुझा,
लॉरेन


एल्व्हडाल
१२ मार्च १९९६

प्रिय लॉरेन,

इथे फार वाईट झालं. अल्गार ब्रेके आठवतो का, शाळेची बस चालवायचा? अर्धांगाचा झटका आल्यापासून तो आमच्या आश्रमात आहे. त्याला गिळता येत नाही, सगळं वाटून मऊ करून द्यावं लागतं. रविवारी दुपारी त्याच्यापुढे डुकराच्या मांसाचा तुकडा आला. घास अडकला आणि माणूस निळा पडला. वर्ला चुलीपासून धावत आली, मागून मिठी मारून तिने तो घास बाहेर काढला. जीव वाचला, पण छातीत काहीतरी गेलंय म्हणतात. आता तो जिल्ह्याच्या इस्पितळात आहे.

त्याच्या ताटाच्या कार्डावर 'साधं जेवण' छापलं होतं. कार्डं कॉम्प्युटर छापतो. गेल्या वर्षी तपासणी झाल्यापासून वेनचा नियम आहे, ताट आठवणीने लावायचं नाही, कार्ड सांगेल तेच वाढायचं. वर्लाने तेव्हा भांडण केलं होतं. ती म्हणाली, अल्गारला काय चालतं ते मला कळतं, त्या खोक्याला काय कळतंय. त्या दिवशी ती चुलीशी होती आणि वाढणाऱ्या मुलींनी कार्ड बघून वाढलं.

नंतर यादी उघडून पाहिली तर नावं अगदी ओळीने, अक्षरानुसार लागलेली. पण नावापुढचं जेवण भलत्याच कुणाचं तरी. साखर वर्ज्य असलेल्या मिसेस टोफ्टला त्याच रविवारी गोड ॲपल पाय मिळाला होता, ती तेवढी खूश होती, तिने तक्रारच केली नाही.

यादीतले बदल वर्ला टाइप करते. म्हणून वेन म्हणतो की तिनेच घोळ घातला. कार्डांचा राग होता ना तिला, लक्ष देऊन केलं नसणार. वर्ला म्हणते, मी बरोबर केलं होतं. कार्डांच्या प्रोग्रॅमची कंपनी फोनवर म्हणाली, मशिनवर कुणी नवीन काही घातलंय का ते विचारा. वेनने सगळ्यांना एकत्र उभं करून विचारलं. कुणीच काही बोललं नाही.

मी तुला सहज विचारते. तुझ्या प्रोग्रॅमने दुसऱ्या प्रोग्रॅमचं असं काही होऊ शकतं का? तू एवढं लिहिलं होतंस त्या खणाबद्दल, म्हणून मनात आलं. होत नसेलच. लगेच कळव.

मावशी


मिनियापोलिस
१६ मार्च १९९६

प्रिय मावशी,

अल्गारबद्दल वाचून वाईट वाटलं.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर: नाही. माझा प्रोग्रॅम पाककृतींचा आहे. आश्रमाच्या यादीशी त्याचा काडीचा संबंध नाही. ती यादी तो उघडत नाही, वाचत नाही, त्याला ती आहे हेदेखील ठाऊक नाही. एका प्रोग्रॅममधली माहिती दुसरा आपोआप बदलत नसतो. हे शंभर टक्के सांगतो.

अशा चुका बहुधा टाइप करताना होतात. त्यात कुणाचा वाईट हेतू नसतो.

प्रोग्रॅम काढायची गरज नाही. पण सध्या सगळे घाबरलेले असतील तर थोडे दिवस वापरू नका. इथे कामाचा रेटा आहे, म्हणून थोडक्यात लिहितो.

लॉरेन


एल्व्हडाल
९ एप्रिल १९९६

प्रिय लॉरेन,

तुझं पत्र वाचून जिवात जीव आला. तू नाही म्हणालास, म्हणून मी वेनला डिस्कचं काही बोलले नाही. संबंधच नाही तर उगीच शंका कशाला निर्माण करायची. बरोबर ना?

वर्लाला घरी बसवलंय. चौकशी होईपर्यंत म्हणे, पण चौकशी कोण करणार? कंपनीने प्रोग्रॅम आणि जुनी यादी पुन्हा बसवून दिली आणि सगळं नीट झालं. वेन म्हणतो, बघा, मशिन ठीकच होतं. अल्गार परत आलाय, पण नुसता पडून असतो. त्याची मुलगी भेटायला येते तेव्हा मी ऑफिसचं दार लावून घेते.

ईस्टरच्या प्रार्थनेला वर्ला आली होती. आपल्या लोकांचं तुला माहीत आहे. कुणी तोंडावर वाकडा शब्द बोलत नाही. सगळ्यांनी तिला 'हॅपी ईस्टर' केलं आणि सगळे दुसऱ्या बाकांवर जाऊन बसले. ती तिच्या बाकावर एकटीच. मीदेखील नाही गेले तिच्याशेजारी. चर्चमध्ये आम्ही दोघी आयुष्यभर शेजारी बसलोय. त्या दिवशी मला ऑर्गनजवळ बसायची बुद्धी झाली, तिथून नीट ऐकू येतं असं मी स्वतःलाच सांगितलं.

काल तिच्याकडे मांस-बटाट्याचं हॉटडिश भाजून घेऊन गेले. पायरीवर ठेवलं, घंटा वाजवली नाही, आणि गाडीत बसून निघाले. आरशात पाहिलं तर पडदा हलला होता. लॉरेन, मला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

पुस्तकाचं काम थांबलंय. तू एकदा पुन्हा लिहून पाठव की संबंध नाही. तुझ्या अक्षरात वाचलं की मला बरं वाटतं.

मावशी


मिनियापोलिस
१३ एप्रिल १९९६

प्रिय मावशी,

पुन्हा लिहून नाही पाठवू शकत. मी तुला खोटं सांगितलं.

तुझं मार्चमधलं पत्र वाचतानाच मला कळलं होतं. 'नावं ओळीने, पण जेवण भलत्याचं' एवढंच पुरे होतं. हा दोष आमच्या धंद्यातल्या सगळ्यांना माहीत आहे. यादी दाखवणारी जी सामायिक फाइल आहे, तिच्या जुन्या आवृत्तीत तो होता. नावांच्या रकान्यावर दाबून यादी अक्षरानुसार लावली की फक्त नावं हलायची, पुढचे रकाने जागच्या जागी राहायचे. मग नवी आवृत्ती निघाली, तिच्यात ते दुरुस्त झालं. तुमच्या खणात ती नवी असणार. माझ्या डिस्कवर जुनी होती. पाककृतींमध्ये मी रकाने लावतच नाही, त्यामुळे मला नवी आणायची गरज वाटली नाही. आळस केला. आणि 'बदलू का?' हा प्रश्न तर मी स्वतःच काढून टाकला होता. तो असता तर तू थांबली असतीस, मला विचारलं असतंस. माझ्या प्रोग्रॅमने न विचारता नवं माप उचलून फेकलं आणि त्या जागी जुनं ठेवलं. तिन्ही मशिनांसाठी. त्यालाच मी शाबास म्हटलं होतं.

त्या पत्रातलं वाक्य न् वाक्य खरं होतं, तुमची यादी माझा प्रोग्रॅम उघडत नाही वगैरे. खरी वाक्यं जोडून मी खोटं बोललो. टाइप करणाऱ्या बाईकडे बोट दाखवलं, तेही ती कोण आहे ते माहीत असताना. तिच्या हातची बिस्किटं मी खाल्ली आहेत. मावशी, मला आरशात बघवत नाही. ज्या चर्चांना डिस्क दिली होती त्या सगळ्यांना मी 'काढून टाका' म्हणून कळवलं, तुझं पत्र आल्याच्या दुसऱ्याच दिवशी. फक्त तुला नाही कळवलं, कारण तुझ्यापुढे मी हुशार भाचा आहे.

कुणीतरी त्या रकान्यावर दाबलं असणार. ज्याने कुणी दाबलं त्याचा काही दोष नाही, तो रोज करतो तेच त्याने केलं.

मी येऊन वेन स्कारला स्वतः सांगतो. तू काही बोलू नकोस. एकच कळत नाही. डिस्क घातली तेव्हा वर्लाबाई तुझ्याशेजारी होत्या. वेनने विचारलं तेव्हा त्या का नाही बोलल्या?

लॉरेन


एल्व्हडाल
१७ एप्रिल १९९६

लॉरेन,

येऊ नकोस. निदान इतक्यात नको. मला आधी लिहू दे, मग काय ते कर.

रकान्यावर दाबणारं ते कुणीतरी म्हणजे मी.

शनिवारी दुपारी, त्या रविवारच्या आदल्या दिवशी, अल्गारची बहीण त्याच्या खोलीचा नंबर विचारायला खिडकीशी आली. मी यादी उघडली, नाव पटकन सापडावं म्हणून रकान्यावर दाबलं. नावं लागली. आणि मला दिसलं, लॉरेन. अल्गारपुढे 'साधं' लिहिलेलं दिसलं. मिसेस टोफ्टपुढेही 'साधं'च दिसलं. मला वाटलं, मीच काहीतरी भलतं दाबलं. बहीण उभी होती, वेन मागे फाइलींच्या कपाटाशी होता. मागच्याच महिन्यात तो सगळ्यांदेखत म्हणाला होता, आर्डिस, तुला पुन्हा टाइपरायटर आणून देऊ का? मी यादी बंद करायला गेले. मशिनने विचारलं, बदल ठेवू का? मी घाईत 'हो' दाबलं. खोलीचा नंबर आठवून सांगितला आणि हसून त्या बाईला वाट दाखवली.

खाली जाऊन वर्लाला नुसतं म्हणायचं होतं, कार्डं छापायच्या आधी यादी एकदा बघ. तेरा पायऱ्यासुद्धा नसतील. मला वाटलं, ती बघेलच. ती कार्डांवर कधीच विश्वास ठेवत नाही ना. पण नेमकं तेव्हा नियमाला कंटाळून तिने बघणं सोडलं होतं.

म्हणून मार्चमध्ये तुला विचारलं ते सहज नव्हतं. तू नाही म्हणशील हे मला माहीत होतं. प्रोग्रॅमचा संबंध नाही असं एकदा तुझ्याकडून आलं की डिस्कचं बोलायला नको, डिस्कचं निघालं नाही तर शनिवारचंही निघणार नाही. मला 'नाही'च हवं होतं आणि तू ते दिलंस. तू एकट्याने खोटं नाही बोललास.

वर्ला का बोलली नाही ते मलाही कळत नाही. वेनने विचारलं तेव्हा ती माझ्यासमोरच उभी होती. माझ्याकडे बघत होती. मी खाली मान घालून माझे बूट बघत होते.

आर्डिस


एल्व्हडाल
२९ एप्रिल १९९६

प्रिय लॉरेन,

नको म्हटलं तरी आलास. शुक्रवारी वेनच्या खोलीत तू टाय लावून बसला होतास आणि शाळकरी पोरासारखा सगळं सांगत होतास, ती फाइल, ती आवृत्ती, तो काढून टाकलेला प्रश्न. वेनला निम्मं कळलं नाही, पण चूक वर्लाची नाही एवढं कळलं. तेव्हाच्या तेव्हा त्याने तिला फोन केला. मग त्याने विचारलं, आर्डिसला यातलं काही माहीत होतं का? आणि तू म्हणालास, नाही, मावशीला काहीच कल्पना नव्हती. लॉरेन, मी तिथेच होते, तरी तू माझ्याकडे बघितलंससुद्धा नाहीस. आणि मी गप्प बसले. माझ्या वयाच्या बाईने भाच्याच्या पाठीमागे लपावं, आणखी काय व्हायचं राहिलं. तू निघालास तेव्हा मी तुला सँडविच बांधून दिलं. तेवढंच माझ्याकडून झालं.

शनिवारी वेनला सगळं सांगितलं. त्याने पेनचं टोपण लावलं. मग म्हणाला, अल्गारच्या मुलीला तू सांगणार की मी? मी म्हटलं, मी. सांगितलं. ती काय बोलली ते मी लिहिणार नाही, ते माझ्याजवळच राहू दे.

पण वर्लाला बाकावर एकटी पाडली ती काही वेनच्या खोलीत नव्हे, सगळ्या चर्चदेखत. म्हणून काल प्रार्थनेनंतर सूचनांच्या वेळी मी उभी राहिले. केकची विक्री, गायनवृंदाचा सराव, कुणाचा हरवलेला हातमोजा, असल्याच गोष्टींसाठी लोक उठतात. पाद्रींना वाटलं मी पुस्तकाबद्दल बोलणार, ते हसून मान हलवत होते. मी सांगितलं. डिस्क मी घातली. वेनने विचारलं तेव्हा मी गप्प बसले. शनिवारी यादी विस्कटलेली मी पाहिली, 'हो' दाबलं आणि कुणाला सांगितलं नाही. वर्लाने काहीच चूक केली नव्हती, उलट तिनेच अल्गारला वाचवलं, आणि आपण सगळे तिच्यापासून उठून दुसरीकडे बसलो, त्यात पहिली मी. पुढच्या बाकाला धरून उभी होते.

पाद्रींनी पुढचं गाणं सांगितलं. मग सगळे तळघरात कॉफीला गेले, नेहमीसारखे, आणि हवेबद्दल बोलायला लागले.

वर्ला कॉफीची किटली घेऊन सगळ्यांना वाढत होती. तिला कुणी सांगितलं नव्हतं, तिने आपणहून ती उचलली होती. माझ्यापाशी आली, माझा कप भरला आणि हळूच म्हणाली, "डिस्कचं मला ठाऊकच होतं, आर्डिस. मी शेजारी बसले होते की."

मी म्हटलं, "मग वेनला सांगितलं का नाहीस?"

"तू सांगशील म्हणून. मी तुझं नाव घेतलं असतं तर तुझ्याकडे सांगायला काय उरलं असतं? रोज वाट बघत होते. तू हॉटडिश ठेवून गेलीस त्या दिवशी मी पडद्यामागे चपला घालून उभी होते. म्हटलं, घंटा वाजली की दार उघडायचं, तुला काही बोलूसुद्धा द्यायचं नाही."

मी रडायला लागले. तिने किटली दुसऱ्या हातात घेतली.

"पण यादी बघितलीस ते मला माहीत नव्हतं," ती म्हणाली, आणि पुढच्या माणसाचा कप भरायला गेली.

आज ती कामावर आली. इतकी वर्षं मी तिला घरून गाडीत घेऊन येत होते. सकाळी मी तिच्या दारापुढे गाडी उभी केली आणि घंटा वाजवली. ती आधीच चालत निघून गेली होती.

तुझी,
आर्डिस मावशी